दूरदर्शन की रंगभूमी? आरिल्ड ब्रिंकमन आणि नॉर्वेच्या घराघरांतले राष्ट्रीय नाट्यगृह

१/२०
साल १९७३. नोरा नवऱ्याचे घर सोडून निघते. क्षणभर शांतता पसरते आणि खालच्या मजल्यावरून दार बंद झाल्याचा आवाज येतो. हेन्रिक इब्सेनच्या 'बाहुलीचे घर' या नाटकातला हा आवाज युरोपातील प्रेक्षकांनी १८७९ पासून नाट्यगृहांत ऐकला होता. या वेळी मात्र नॉर्वेच्या प्रेक्षकांना तो स्वतःच्या घरातल्या दूरचित्रवाणी संचातून ऐकू आला. या प्रयोगाचे दिग्दर्शक होते आरिल्ड ब्रिंकमन, आणि त्या वर्षी ते ओस्लोच्या राष्ट्रीय रंगमंदिराचे प्रमुखही होते. देशातल्या सर्वांत प्रतिष्ठित रंगमंचाचा प्रमुख दूरचित्रवाणीसाठी नाटक का बसवत होता? या प्रश्नाच्या उत्तरात नॉर्वेच्या सांस्कृतिक इतिहासाचा एक महत्त्वाचा अध्याय दडलेला आहे.

२/२०
मराठी वाचकाला नॉर्वेचे नाटक अगदीच परके नाही. 'नाट्यमन्वंतर' संस्थेने १९३३ मध्ये रंगभूमीवर आणलेले श्री. वि. वर्तकांचे 'आंधळ्यांची शाळा' हे नाटक ब्यर्नस्त्यर्ने ब्यर्नसन या नॉर्वेजियन नाटककाराच्या नाटकावर आधारलेले होते. अनंत काणेकरांचे 'घरकुल' (१९४१) म्हणजे इब्सेनच्या 'बाहुलीचे घर'चे मराठी रूप. नाटककारांची नावे अशा प्रकारे आपल्यापर्यंत पोहोचली. पण हीच नाटके त्यांच्या मायदेशातील सामान्य माणसापर्यंत, ओस्लोपासून शेकडो कोस दूर असलेल्या मच्छीमार वस्त्यांपर्यंत कशी पोहोचली, हा भाग आपल्याकडे क्वचितच सांगितला जातो.

३/२०
आधी भूगोल पाहू. नॉर्वेच्या मुख्य भूमीचे क्षेत्रफळ सुमारे ३ लाख २४ हजार चौरस किलोमीटर, म्हणजे महाराष्ट्रापेक्षा किंचित अधिक. १९६० मध्ये तेथील लोकसंख्या मात्र जेमतेम ३६ लाख होती. मध्ये डोंगर, किनाऱ्याला चिरत आत घुसलेल्या खाड्या आणि महिनोन्महिने टिकणारा बर्फ. ओस्लोहून उत्तरेच्या ट्रॉम्सोला रस्त्याने जायचे तर दीड हजार किलोमीटरहून अधिक अंतर कापावे लागते. कायमस्वरूपी व्यावसायिक नाट्यसंस्था ओस्लो, बर्गन, ट्रॉनहाइम, स्तावांगर अशा मोजक्या शहरांत होत्या आणि ही सर्व शहरे देशाच्या दक्षिण व मध्य भागांत आहेत. उत्तर नॉर्वेला स्वतःची अशी पहिली व्यावसायिक नाट्यसंस्था १९७१ मध्ये, ट्रॉम्सो येथे मिळाली.

४/२०
ओस्लोचे राष्ट्रीय रंगमंदिर १८९९ मध्ये उघडले. त्याच्या दर्शनी भागावर होल्बेर्ग, इब्सेन आणि ब्यर्नसन ही तीन नावे कोरलेली आहेत. तेव्हा नॉर्वे स्वीडनशी संयुक्त राजसत्तेने बांधलेला होता. पूर्ण स्वातंत्र्य १९०५ मध्ये आले. म्हणजे राष्ट्र स्वतंत्र होण्याआधीच त्याचे नाट्यगृह उभे राहिले होते. पण 'राष्ट्रीय' हा शब्द दगडात कोरणे सोपे आणि प्रत्यक्षात उतरवणे कठीण. जे नाट्यगृह एका शहराच्या एका रस्त्यावर आहे, ते साऱ्या राष्ट्राचे कसे?

५/२०
या प्रश्नाचे पहिले सरकारी उत्तर दुसऱ्या महायुद्धानंतर मिळाले. नॉर्वेच्या संसदेने १९४८ मध्ये कायदा करून 'रिक्सतेआत्रे' ही फिरती नाट्यसंस्था स्थापन केली. नट, नेपथ्य आणि प्रकाशयोजनेचे सामान घेऊन गावोगावी जायचे आणि सभागृह असेल तेथे प्रयोग करायचा. आपल्याकडच्या दौऱ्यांवरच्या नाटक कंपन्यांची आठवण व्हावी असा हा उपक्रम. फरक एवढाच की त्यामागे सरकारी तिजोरी होती. त्यातून पुष्कळ साधले. तरीही वर्षाकाठी येणारे मोजके प्रयोग आणि नाट्यगृहाची रोजची सोबत यांत अंतर राहतेच.

६/२०
दुसरे उत्तर तंत्रज्ञानाने दिले, पण ते उशिरा आले. डेन्मार्कमध्ये दूरचित्रवाणी १९५१ मध्ये आणि स्वीडनमध्ये १९५६ मध्ये सुरू झाली. नॉर्वेत प्रायोगिक प्रक्षेपण १९५४ मध्ये झाले, संसदेने १९५७ मध्ये अनुकूल निर्णय घेतला आणि २० ऑगस्ट १९६० रोजी राजे पाचवे ओलाव यांच्या हस्ते अधिकृत उद्घाटन झाले. डोंगराळ मुलुखात ठिकठिकाणी प्रक्षेपक उभारत ही सेवा पुढील वर्षांत टप्प्याटप्प्याने उत्तरेकडे सरकत गेली. संस्था एकच, 'एनआरके' हे सार्वजनिक प्रसारण मंडळ, वाहिनीही एकच, आणि खर्च परवानाशुल्कातून.

७/२०
येथे एका शब्दाकडे लक्ष द्यावे लागते. दूरचित्रवाणीसाठी नॉर्वेजियन भाषेत 'फ्येर्नसीन' हा शब्द आहे. 'फ्येर्न' म्हणजे दूर आणि 'सीन' म्हणजे दर्शन. आपला 'दूरदर्शन' हा शब्द हुबेहूब याच घडणीचा आहे. एनआरकेने नाटकांसाठी जो विभाग उभा केला त्याचे नाव ठेवले 'फ्येर्नसीन्सतेआत्रे', म्हणजे दूरदर्शन-रंगभूमी. 'नाट्यविभाग' किंवा 'चित्रपट विभाग' असे नाव देता आले असते, पण दिले गेले नाही. एका प्रसारण संस्थेने स्वतःच्या पोटात एक नाट्यगृह उघडले आहे, अशी ही भूमिका होती. त्याच्या प्रमुखपदी १९५९ मध्ये आरिल्ड ब्रिंकमन आले. दूरचित्रवाणीचे उद्घाटन अजून व्हायचे होते!

८/२०
ब्रिंकमन यांचा जन्म १९२२ चा. वडील अलेक्सांडर ब्रिंकमन हे व्यवसायाने डॉक्टर, शिवाय कादंबरीकार आणि नाटककार. मुलाच्या वाट्याला रंगभूमीबरोबर चित्रपटही आला. 'अंधारातून बाहेर' अशा अर्थाच्या शीर्षकाचा त्यांचा चित्रपट १९५८ मध्ये आला. मानसिक आजाराच्या विळख्यात सापडलेली एक तरुण विवाहिता त्याच्या केंद्रस्थानी होती आणि ही भूमिका उर्दा आर्नेबेर्ग यांनी केली होती. त्या वर्षीच्या बर्लिन चित्रपट महोत्सवात तो स्पर्धेत होता. त्याच वर्षी त्यांचा आणखी एक चित्रपट प्रदर्शित झाला. म्हणजे दूरचित्रवाणीत पाऊल ठेवणाऱ्या या माणसाला कॅमेऱ्याची भाषा आधीपासून अवगत होती.

९/२०
परंतु दूरचित्रवाणीचा स्टुडिओ म्हणजे चित्रपटाचा संच नव्हे. चित्रपटात एक कॅमेरा एक दृश्य टिपतो, मग थांबतो. प्रकाश बदलतो, नट विसावतात आणि तुकड्यांची जुळणी पुढे संकलनाच्या टेबलावर होते. त्या काळच्या दूरचित्रवाणी नाटकात अनेक कॅमेरे एकाच वेळी चालू असत. दिग्दर्शक शेजारच्या नियंत्रण कक्षात लहान पडद्यांच्या रांगेसमोर बसे आणि कोणत्या क्षणी कोणत्या कॅमेऱ्याचे चित्र घ्यायचे हे तिथल्या तिथे ठरवले जाई. जुळणी आणि अभिनय एकाच श्वासात चाले. चुकले तर चुकले.

१०/२०
सुरुवातीच्या काळात जगभर पुष्कळ नाटके थेट प्रक्षेपित होत. चित्रफीत आल्यावर ती ध्वनिमुद्रणासारखी साठवता येऊ लागली, पण सुरुवातीच्या दोन इंच रुंदीच्या फितीवर संकलन करायचे म्हणजे फीत प्रत्यक्ष कापून जोडावी लागे. ते काम किचकट आणि फीत महाग. म्हणून लांबलचक प्रवेश सलग चित्रित करण्याकडेच कल राहिला. याचा एक अनपेक्षित लाभ झाला. नटाला भूमिकेचा ओघ तुटू न देता वीस-वीस मिनिटे अभिनय करता येई, जवळजवळ रंगमंचावर करतो तसा. यंत्राच्या मर्यादेनेच नाटकाचे नाटकपण राखले.

११/२०
नटांपुढचे आव्हान मात्र नवे होते. नाट्यगृहात शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोहोचवायचा असतो. तिथली कुजबुजसुद्धा मोठ्याने करावी लागते. स्टुडिओत ध्वनिग्राहक डोक्यापासून हातभर अंतरावर असतो आणि कॅमेरा पापणीची हालचाल टिपतो. रंगमंचावर जो हातवारा भारदस्त वाटतो, तोच लहान पडद्यावर अतिरेकी दिसतो. हे नट पुन्हा रंगभूमीवरचेच. म्हणजे रात्री हजार लोकांसाठी बोलायचे आणि दिवसा एका भिंगासाठी. अशा स्थितीत दिग्दर्शकाचे मुख्य काम हेच की नटाला कमी करायला शिकवायचे, पण निस्तेज होऊ द्यायचे नाही.

१२/२०
विभागप्रमुख या नात्याने ब्रिंकमन यांच्यावर आणखी मोठी जबाबदारी होती. कोणते नाटक घ्यायचे, कोणता दिग्दर्शक, कोणते नट, स्टुडिओचे किती दिवस: हे सारे निर्णय या एका विभागात होत. शेजारच्या स्वीडनमध्ये इंगमार बर्गमनसारखा दिग्दर्शक १९५७ पासून दूरचित्रवाणीसाठी नाटके बसवत होता; तेव्हा या माध्यमाला कमी लेखण्याचे कारण उरले नव्हते. तरीही शंका होतीच. प्रेक्षक एकत्र जमत नाहीत, नटाला टाळी ऐकू येत नाही, मध्येच कोणी चहा करायला उठते. याला रंगभूमी म्हणायचे तरी कसे?

१३/२०
शंका रास्त होती. पण दुसऱ्या बाजूला एक वास्तव होते. देशात वाहिनी एकच. नाटक लागले की तेच पाहायचे, अन्यथा संच बंद करायचा. त्यामुळे ओस्लोतला वकील, बर्गनमधली शिक्षिका आणि लोफोतन बेटांवरचा मच्छीमार एकाच वेळी एकच नाटक पाहत आणि दुसऱ्या दिवशी त्यावर बोलू शकत. दगडी नाट्यगृहाला साठ वर्षांत जे जमले नव्हते, ते एका स्टुडिओला जमू लागले. त्याचबरोबर धोकाही तितकाच खरा होता. एका विभागाची आवड ही साऱ्या देशाची आवड ठरण्याचा तो धोका. प्रेक्षकाला निवड नसते तेव्हा निवडणाऱ्याची जबाबदारी दुप्पट होते.

१४/२०
आठ वर्षे हा विभाग सांभाळल्यानंतर १९६७ मध्ये ब्रिंकमन राष्ट्रीय रंगमंदिराचे प्रमुख झाले. हा प्रवास उलट्या दिशेचा वाटतो. सामान्यतः रंगभूमीवर नाव कमावलेला माणूस दूरचित्रवाणीकडे वळतो. येथे दूरचित्रवाणीवरचा माणूस देशातल्या सर्वांत मानाच्या रंगमंचावर आला. या नियुक्तीचा अर्थ स्पष्ट आहे. ज्या विभागाकडे काही वर्षांपूर्वी कुतूहलाने किंवा संशयाने पाहिले जाई, त्याच्या प्रमुखाकडे आता राष्ट्राच्या रंगमंदिराच्या किल्ल्या सोपवण्यात आल्या होत्या.

१५/२०
पुढची अकरा वर्षे सोपी नव्हती. १९६८ च्या विद्यार्थी चळवळींनंतर युरोपभर मोठ्या सरकारी नाट्यसंस्थांना प्रश्न विचारले जात होते: हे नाट्यगृह कोणाचे, निर्णय कोण घेते, कामगार वस्तीतला माणूस येथे का दिसत नाही? ब्रिंकमन यांच्या कारकिर्दीतच, १९७७ मध्ये, राष्ट्रीय रंगमंदिराने ओस्लोच्या तोर्शोव या कामगार परंपरेच्या भागात आपली एक लहान शाखा उघडली. प्रेक्षकाने नाटकाकडे यावे, ही जुनी अपेक्षा होती. नाटकाने प्रेक्षकाकडे जावे, हा विचार फिरत्या 'रिक्सतेआत्रे'मध्ये होता, स्टुडिओतल्या रंगभूमीत होता आणि तोर्शोवमध्येही तोच होता.

१६/२०
या काळात त्यांनी स्टुडिओ सोडला नाही, हे विशेष. 'रानबदक' (१९७०), 'बाहुलीचे घर' (१९७३) आणि 'हेड्डा गाब्लर' (१९७५) ही इब्सेनची तीन नाटके त्यांनी दूरचित्रवाणीसाठी दिग्दर्शित केली. इब्सेनच का? एक कारण घडणीतच आहे. ही नाटके बंद खोल्यांत घडतात. दिवाणखाना, शेगडी, टपालपेटी, आतल्या खोलीचा पडदा. लहान पडद्याला समरांगण पेलत नाही, पण दिवाणखाना उत्तम पेलतो. शिवाय पाहणाराही दिवाणखान्यातच बसलेला असतो. एका खोलीतून दुसऱ्या खोलीत डोकावल्यासारखा हा अनुभव.

१७/२०
मात्र ही सोय फसवी असते. 'रानबदक' (१८८४) घ्या. घटनास्थळ आहे एका छायाचित्रकाराचे घर, आणि मागे एक माळा: त्यात कोंबड्या, ससे, जुनी नाताळची झाडे आणि एक जखमी बदक. नाट्यगृहात प्रेक्षकाला तो माळा सरकत्या दारांतून अर्धवटच दिसतो. उरलेला तो मनाने रचतो. कॅमेऱ्याला आत शिरता येते. मग शिरावे का? आत शिरले तर गूढ संपते. बाहेर थांबले तर प्रेक्षक विचारतो, दाखवत का नाही? दूरचित्रवाणीच्या दिग्दर्शकाची खरी परीक्षा अशा जागी होते. काय दाखवायचे याहून काय झाकून ठेवायचे हे ठरवण्यात त्याची दृष्टी दिसते.

१८/२०
'बाहुलीचे घर'मध्ये नोरा झाल्या लीसे फ्येल्स्टा आणि हेल्मर झाले क्नूत रीसान. योगायोगाने १९७३ मध्येच या नाटकावर दोन इंग्रजी चित्रपट आले. त्यांपैकी जेन फोंडा यांची भूमिका असलेला जोसेफ लोझींचा चित्रपट नॉर्वेतल्या रोरोस या जुन्या खाणगावात, प्रत्यक्ष बर्फात चित्रित झाला होता. चित्रपटाने नोराला घराबाहेरचे जग दिले. स्टुडिओच्या रंगभूमीची परंपरा मात्र खोलीच्या चार भिंतींची. याच दशकात नॉर्वेत स्त्रीमुक्तीची चळवळ जोरात होती आणि १९७८ मध्ये स्त्री-पुरुष समानतेचा कायदा संमत झाला. नाटकामुळे कायदा होत नाही. पण आईबाप आणि मुले एकत्र बसलेल्या खोलीत नोरा घर सोडून जाते, तेव्हा तो विषय त्या घराचाही होतो.

१९/२०
'हेड्डा गाब्लर' (१८९०) मध्ये मोन्ना तान्दबेर्ग यांनी नायिका रंगवली. हेड्डा एका प्रतिभावंताचे एकमेव हस्तलिखित शेगडीत जाळते, तेही स्वतःशी पुटपुटत. रंगमंचावर हे पुटपुटणे सज्जापर्यंत ऐकू जावे लागते, म्हणजेच ते खरे पुटपुटणे राहत नाही. ध्वनिग्राहकासमोर ते खरोखर स्वतःशी बोललेले असू शकते. इब्सेनने लिहिताना न कल्पिलेली ही सोय पुढे आलेल्या माध्यमाने त्याच्या नाटकाला दिली. ब्रिंकमन यांनी १९७८ मध्ये रंगमंदिराचे प्रमुखपद सोडले, त्यांच्या जागी अभिनेते तूराल्व माउर्स्टा आले. १९८६ मध्ये ब्रिंकमन यांचे निधन झाले.

२०/२०
पुढे काळ बदलला. एनआरकेची मक्तेदारी १९८० च्या दशकात सैल झाली, १९९२ मध्ये देशव्यापी स्पर्धक वाहिनी आली आणि 'दूरदर्शन-रंगभूमी' हे नावही त्याच सुमारास मागे पडले. मालिका आणि चित्रपटसदृश निर्मिती पुढे आली. साऱ्या देशाने एकाच वेळी एकच नाटक पाहण्याचे दिवस संपले. ते सारेच चांगले होते असे म्हणता येणार नाही, कारण त्या एकत्र पाहण्यामागे निवडीचा अभाव होता. पण त्या मर्यादेत एक पिढी इब्सेन पाहत वाढली, आणि त्यातल्या अनेकांनी ओस्लोच्या रंगमंदिराची पायरी कधी चढली नसेल. रंगमंचावरचा प्रयोग पडद्याबरोबर संपतो. त्या काळच्या राष्ट्रीय रंगमंदिरातले बहुतेक प्रयोग आज केवळ छायाचित्रांत आणि परीक्षणांत उरले आहेत. स्टुडिओतली नाटके मात्र फितीवर राहिली, आणि एनआरकेने आपल्या संग्रहातील कितीतरी जुनी नाटके आता आंतरजालावर खुली केली आहेत. ज्या माध्यमाला क्षणभंगुर मानले गेले, त्यानेच रंगभूमीची स्मृती जपली.

(समाप्त)
#इतिहास #रंगभूमी #नॉर्वे